वसंतसेना आणि चिंधी

चित्रपटातला प्राचीन शृंगार म्हटले की उज्जयिनी, दागिने, समया आणि वात्स्यायन डोळ्यांपुढे येतात. हे समीकरण गिरीश कार्नाड यांच्या ‘उत्सव’ने (१९८४) पक्के केले. शूद्रकाच्या ‘मृच्छकटिका’त वात्स्यायन मुळीच नाही. चित्रपटात तो अमजद खानच्या रूपाने येतो आणि गणिकागृहात आसने टिपत बसतो. प्रसंग गमतीचा आहे, पण ग्रंथकारावर अन्याय करणारा. कामसूत्राच्या सात अधिकरणांपैकी आसनांचा विचार ‘सांप्रयोगिक’ या एकातच येतो, तोही काही प्रकरणांपुरता. गणिकांविषयीचा ‘वैशिक’ भाग तर पाटलिपुत्राच्या गणिकांच्याच सांगण्यावरून दत्तकाने प्रथम स्वतंत्रपणे रचला, असे वात्स्यायनच सांगतो. त्या गणिका शास्त्र मागणाऱ्या होत्या. सिनेमात त्या निरीक्षणाचा विषय झाल्या.

मूळ नाटकातली वसंतसेना पाचव्या अंकात वादळी पावसात स्वतःहून चारुदत्ताकडे निघते. एरवी प्राकृत बोलणारी ही स्त्री वाटेत मेघांना, इंद्राला सुनावते, तेही संस्कृत श्लोकांत! आपल्या पाऊसगाण्यांतली नायिका नुसती भिजते. ती कुणाकडे निघाली आहे, हे पटकथालेखकालाही ठाऊक नसावे.

मला जवळची वाटते ती सातवाहन हालाच्या नावाची ‘गाथासप्तशती’. सातवाहनकाळी आमचे कल्याण नावाजलेले बंदर होते. कान्हेरीच्या लेखांत कल्याणचे दाते भेटतात. डोंबिवलीहून ठाण्याला जाताना मुंब्र्यापाशी दिसते तीच ही खाडी. माहाराष्ट्री प्राकृतातल्या या गाथांमध्ये राजवाडा क्वचितच आहे. शेते आहेत, गोदाकाठ आहे, वाटसरू, सासू आणि मैत्रीण आहे. बोलते ती बहुधा बाई. तिला काय हवे आहे, ते ती सूचकतेने पण न लाजता सांगते. रेवेसारख्या कवयित्रींची नावेही टीकाकारांनी नोंदवली आहेत.

ही परंपरा पडद्यावर शोधताना मी ‘उत्सव’पाशी थांबत नाही, जब्बार पटेलांच्या ‘जैत रे जैत’पाशी (१९७७) थांबतो. गो. नी. दांडेकरांच्या कादंबरीवरचा हा चित्रपट ठाकरांचा. मुरबाड-शहापूरच्या डोंगरांतही त्यांच्या वाड्या आहेत. स्मिता पाटीलची चिंधी नवऱ्याला सोडते आणि नाग्याला आपण होऊन निवडते. त्यासाठी तिला ना गणिका व्हावे लागते, ना अप्सरा. ना. धों. महानोरांच्या गाण्यांत रान आणि देह वेगळे काढता येत नाहीत, गाथांतही नाहीत. प्राचीन शृंगारावरच्या चर्चेत मात्र या चित्रपटाचे नाव मी अजून ऐकलेले नाही. चिंधीच्या अंगावर सोने नाही, एवढेच कारण असावे.