सायकल हरवलेल्या माणसाची गोष्ट

इटलीतल्या सोरा गावी १९०१ साली जन्मलेला व्हित्तोरिओ दे सीका हा मुळात पडद्यावरचा देखणा नायक. महायुद्धाने देशाची दैना केली, तेव्हा त्याने कॅमेरा रस्त्यावर नेला. चेझारे झावात्तिनीसारखा पटकथाकार जोडीला मिळाला आणि १९४८ साली ‘बायसिकल थीव्ह्ज’ निघाला. कथा म्हणाल तर एवढीशी! नोकरीसाठी लागणारी सायकल पहिल्याच दिवशी चोरीस जाते, आणि बाप नि पोर रोमभर ती शोधीत हिंडतात. एक अमेरिकन निर्माता पैसा ओतायला तयार होता. अट एवढीच, की नायक कॅरी ग्रँट हवा. दे सीकाने ती झिडकारली आणि लांबेर्तो माज्जोरानी नावाच्या कारखान्यातल्या कामगाराला उभे केले.

बोलपट जगभर गाजला. १९५२ साली मुंबईच्या महोत्सवातही दाखवला गेला. माज्जोरानी मात्र आपल्या यंत्राकडे परतला, आणि पुढे त्याची नोकरीच गेली. पडद्यावरचा बेकार खराखुरा बेकार झाला! यात दे सीकाचा दोष किती, हे वाचकांनीच ठरवावे.

१९५२ चा ‘उंबेर्तो डी.’ त्याने वडिलांना अर्पण केला. म्हाताऱ्या पेन्शनराची ती कहाणी तिकीटबारीवर पडली; वर देशाची अब्रू चव्हाट्यावर मांडली म्हणून सरकारातल्या आंद्रेओत्तींनी जाहीर पत्रातून कान उपटले. दे सीकाने पुन्हा तोंडाला रंग लावला. नटाच्या कमाईवर दिग्दर्शकाचा संसार चालला. उरलेसुरले जुगाराच्या मेजावर गेले.