उजव्या कोपऱ्यातली चौकट

आपल्या सोसायटीच्या पंचवीस वर्षांबद्दल या स्मरणिकेत बरेच जण लिहितील. पहिला गणपती, टँकरचे दिवस, लिफ्ट बंद पडल्याच्या गमती, सगळं येईलच. मी ३४ वर्षं ड्राफ्ट्समनची नोकरी केली. म्हणून मी लिहिणार आहे ते नकाशाच्या उजव्या कोपऱ्यातल्या एका चौकटीबद्दल. तिला टायटल ब्लॉक म्हणतात.

नोकरीला लागलो तेव्हा साहेबांनी ड्रॉइंगला हातच लावू दिला नाही. "आधी चौकट शिक," म्हणाले. ट्रेसिंग पेपरवर शाईच्या पेनाने रेघा मारायच्या, स्टेन्सिलने अक्षरं काढायची, चुकलं की ब्लेडने हलकेच खरवडायचं. नकाशाचं नाव, क्रमांक, स्केल, तारीख, कोणी काढला, कोणी तपासला, कोणी मंजूर केला, एवढं सगळं त्यात बसवायचं. पुढे भारतीय मानक ब्यूरोच्या १९८८ सालच्या एसपी ४६ या पुस्तकात तिचं माप दिलेलं पाहिलं: १८५ बाय ६५ मिलिमीटर. आणि ती उजव्या खालच्या कोपऱ्यातच का? तर ८४१ बाय ११८९ मिलिमीटरचा मोठा ए-झिरो कागद घड्या घालून ए-फोर एवढा झाला, तरी चौकट वरच दिसावी. फाइल न उलगडता नकाशा ओळखता यावा.

पूर्वी नकाशाची दुसरी प्रत हवी तर ती हातानेच काढावी लागे. १८४२ साली जॉन हर्शेल यांनी सायनोटाइपची रीत शोधली आणि त्यातून निळ्या कागदावर पांढऱ्या रेघांची ब्लूप्रिंट आली. आमच्या काळी अमोनियाच्या वासाच्या प्रिंट होत्या, डोळ्यांत पाणी यायचं. प्रती सोप्या झाल्या, पण मग प्रश्न आला: यातली शेवटची कोणती? त्याचं उत्तर चौकटीतल्या, किंवा तिच्या शेजारच्या, 'रिव्हिजन'च्या रकान्यात असतं.

हे मी चुकून शिकलो. एकदा घाईत एका भोकाचं माप बदललं आणि रिव्हिजन लिहायला विसरलो. दोन्ही प्रतींवर एकच क्रमांक. कारखान्यात जुनी प्रत वापरली गेली आणि ४० ब्रॅकेट भंगारात गेले. 'काढणार'मध्ये माझी सही होती, 'तपासणार'मध्ये साहेबांची. बोलणी दोघांनीही खाल्ली.

आता आपल्या इमारतीची गोष्ट. उपविधींप्रमाणे १५ ते ३० वर्षांच्या इमारतीचं दर पाच वर्षांनी स्ट्रक्चरल ऑडिट करावं लागतं. इंजिनिअरने आरसीसीचे नकाशे मागितले. ऑफिसच्या कपाटातून भेंडोळं निघालं, त्यात कॉलमच्या तक्त्याच्या दोन प्रती होत्या. "दोन्ही सारख्याच आहेत, कुठलीही द्या," असं कमिटीत कोणीतरी म्हणालं. मी चष्मा लावून कोपरा पाहिला. एकावर रिव्हिजन शून्य, दुसऱ्यावर दोन. बारीक अक्षरांत नोंद होती: जिन्याजवळच्या दोन कॉलममध्ये सहाऐवजी आठ सळ्या. बाहेरचा आकार तोच, त्यामुळे टेपने मोजून काहीच कळलं नसतं. इंजिनिअरने एके ठिकाणी प्लॅस्टर आणि काँक्रीटचं आवरण काढून पाहिलं. सळ्या आठच निघाल्या.

जुनी प्रत गेली असती, तर ते कॉलम कमजोर ठरून जॅकेटिंगचा खर्च आपल्या सगळ्यांच्या वर्गणीत आला असता. ती नोंद ज्याने केली त्याची फक्त दोन आद्याक्षरं चौकटीत आहेत. तो कोण, आपल्यापैकी कोणालाच माहीत नाही. त्याचे आभार मानायला मला हीच जागा मिळाली.

आता चौकट कॉम्प्युटरवर एकदाच करून ठेवतात, रकाने तो विचारतो आणि आपण भरायचे. सोय झाली, पण जुनी फाइल कॉपी केली की जुनी तारीख आणि जुना क्रमांकही तसाच येतो. तेवढं बघावं लागतं.

गेल्या वर्षी पाण्याच्या नव्या पाइपलाइनचा नकाशा मी नातीला शेजारी बसवून काढला. जुन्या नकाशांवर 'मालक' या रकान्यात बिल्डरचं नाव आहे. नातीने विचारलं, "आजोबा, इथे काय लिहू?" कन्व्हेयन्स झालेलं आहे. मी म्हटलं, "आपल्या सोसायटीचं नाव लिही."

तो नकाशा ऑफिसच्या कपाटात आहे. रिव्हिजन शून्य. कोणी पाइप हलवला, तर कृपया पुढचा आकडा लिहा.