मित्राच्या खेळात शिरताच खेळ ‘क्रॅश’ होतो तेव्हा...

खास प्रतिनिधी

एकट्याने खेळताना तासन्‌तास निर्वेध चालणारा संगणकीय खेळ मित्राचे आमंत्रण स्वीकारताच बंद पडावा, हा अनुभव ऑनलाइन खेळणाऱ्यांना नवा नाही. पडद्यावरची खिडकी नाहीशी होते, डेस्कटॉप दिसू लागतो आणि तिकडे मित्रमंडळी ‘कुठे गेलास?’ म्हणून विचारीत राहतात. त्यानंतर सहसा जे घडते ते मूळ बिघाडापेक्षा अधिक नुकसानकारक असते. राउटर बंद-चालू केला जातो, खेळ काढून पुन्हा टाकला जातो, कोठून तरी ‘दुरुस्ती’ची फाइल उतरवून घेतली जाते आणि या खटाटोपात कित्येक महिने खपून उभारलेले खेळातले जगच पुसले जाते.

वस्तुतः या बिघाडाची कारणे मोजकी असून ती क्रमाने तपासता येतात. हा क्रम येथे ‘माइनक्राफ्ट’ या खेळाच्या आधारे दिला आहे. २०११ मध्ये पूर्ण स्वरूपात बाजारात आलेला आणि २०१४ मध्ये मायक्रोसॉफ्टने निर्माती कंपनी मोयांगसह अडीच अब्ज डॉलरना विकत घेतलेला हा खेळ संगणकावर आणि मोबाइलवरही खेळला जातो. शिवाय, बंद पडताना तो आपल्या मागे सविस्तर नोंद ठेवतो. येथे सांगितलेल्या बहुतेक गोष्टी अन्य खेळांनाही लागू पडतात.

जोडणी तुटणे वेगळे, क्रॅश वेगळा

सर्वप्रथम दोन बिघाडांतील फरक ओळखला पाहिजे. खेळ स्वतः चालू राहून ‘कनेक्शन टाइम्ड आउट’, ‘आउटडेटेड क्लायंट’ अशा एखाद्या संदेशासह आपल्याला मुख्य पानावर परत आणीत असेल, तर ती तुटलेली किंवा नाकारलेली जोडणी होय. खेळाची खिडकीच नाहीशी होत असेल, तर तो क्रॅश होय.

पहिल्या प्रकारात इंटरनेट, राउटर, फायरवॉल, खेळाची आवृत्ती यांची चौकशी करणे योग्य ठरते. माइनक्राफ्टची ‘जावा’ आवृत्ती सामान्यतः २५५६५ क्रमांकाचा, तर ‘बेडरॉक’ आवृत्ती १९१३२ क्रमांकाचा पोर्ट वापरते. यजमानाने आपल्या राउटरवर तो खुला केला नसेल, तर बाहेरच्या मित्राला आत येण्यात अडचण येऊ शकते. भारतातील अनेक इंटरनेट सेवांमध्ये एकच पत्ता अनेक ग्राहकांत वाटलेला असतो. तेथे घरच्या राउटरवर पोर्ट खुला करूनही उपयोग होत नाही. भाड्याचा सर्व्हर किंवा खेळाचीच ‘रेल्म्स’ ही सशुल्क सेवा घेता येते.

दुसऱ्या प्रकारात मात्र या साऱ्या उपायांचा सहसा संबंध नसतो. मंद इंटरनेटमुळे खेळ अडखळतो, जोडणी तुटते. परंतु केवळ तेवढ्याने खिडकी नाहीशी होत नाही. क्रॅश होत असेल तर राउटरकडे न पाहता आपल्या संगणकाकडे आणि मित्राच्या जगाकडे पाहावे.

प्रवेशाच्या क्षणी काय घडते?

मित्राच्या जगात शिरताना काही सेकंदांत बरीच कामे एकदम होतात. दोन्हीकडच्या आवृत्त्या आणि खाते पडताळले जाते. मॉड, म्हणजे खेळात बाहेरून घातलेल्या भरी, असल्यास त्यांच्या याद्या जुळवल्या जातात. सर्व्हरने ठेवलेली चित्रे व आवाज यांची गठडी उतरवली जाते. त्यापाठोपाठ भोवतालचा भूभाग, त्यातील प्राणी, वस्तू आणि इतर खेळाडू स्मृतीत भरून पडद्यावर रेखाटले जातात. एकट्याच्या खेळात जग थोडे थोडे वाढलेले असते. येथे मित्रांनी उभारलेले भरगच्च गाव एका झटक्यात समोर येते.

हा भार किती, हे साध्या गणिताने समजते. माइनक्राफ्टचे जग १६ बाय १६ ठोकळ्यांच्या उभ्या तुकड्यांत विभागलेले असते. त्यांना ‘चंक’ म्हणतात. दृश्य-अंतर ८ ठेवल्यास खेळाडूभोवती १७ बाय १७, म्हणजे २८९ चंक येतात. तेच अंतर १६ केले की संख्या १,०८९ होते आणि ३२ केल्यास ४,२२५! अंतर चौपट वाढले तर काम जवळजवळ पंधरापट वाढते. सर्व्हर स्वतः काही मर्यादा घालतो. पण मित्राने आपलेच जग इतरांना खुले केले असेल, तर त्याच्या संगणकाला खेळ आणि सर्व्हर असे दोन्ही भार पेलावे लागतात. म्हणून प्रवेश करण्यापूर्वी दोघांनीही दृश्य-अंतर ८ वर आणून पाहावे.

तीन प्रयोग

दोष कोणाकडे आहे, हे ठरविण्यासाठी तीन छोटे प्रयोग पुरेसे असतात.

१. मित्राला एक नवे, रिकामे जग उघडायला सांगून त्यात प्रवेश करावा. येथे क्रॅश झाला नाही, तर दोष मित्राच्या जुन्या जगात किंवा त्याच्या भारात आहे.

२. दुसरा एखादा मित्र त्याच जुन्या जगात जाऊ शकतो का, ते पाहावे. सर्वांचाच खेळ बंद पडत असेल, तर दोष बहुधा जगात किंवा मॉडमध्ये आहे. आपलाच पडत असेल, तर आपला संगणक अथवा त्या जगात साठवलेली आपली नोंद संशयित ठरते.

३. सर्व मॉड, शेडर आणि बदललेली चित्रे बाजूला ठेवून, खेळाच्या मूळ रूपात तशाच मूळ रूपातील जगात प्रवेश करून पाहावा.

त्या जगातील आपली नोंदच बिघडली असेल, तर यजमानाने प्रथम संपूर्ण जगाची प्रत काढून ठेवावी आणि मगच आपल्या खेळाडूची फाइल हलवावी. आपण नव्याने प्रवेश करू शकतो; मात्र जवळ बाळगलेले सामान जाते, हे आधी लक्षात घ्यावे.

आवृत्ती आणि मॉड

जावा आणि बेडरॉक या दोन आवृत्त्यांचे खेळाडू सरळ मार्गाने एकत्र खेळू शकत नाहीत. मोबाइलवर बेडरॉक असते, संगणकावर दोन्ही मिळतात. त्यामुळे घोटाळ्याची सुरुवात पुष्कळदा येथेच होते. जावामध्ये दोन्हीकडचा आवृत्ती-क्रमांकही तंतोतंत जुळलेला बरा.

‘फोर्ज’ किंवा ‘फॅब्रिक’वर चालणारा एखादा मॉड आपल्याकडे नसेल, तर सहसा तसा संदेश येऊन प्रवेश नाकारला जातो. क्रॅश होतो तो त्याहून फसव्या परिस्थितीत: मॉड दोघांकडे आहे, पण त्याची आवृत्ती किंवा मांडणी वेगळी आहे. सर्वांनी एकाच ठिकाणाहून एकच मॉडपॅक घेणे, हा यावरचा सोपा उपाय.

तरीही दोषी मॉड सापडत नसेल, तर अर्ध्या-अर्ध्याने शोध घ्यावा. ४० मॉड असतील तर २० बाजूला काढावेत. क्रॅश थांबला तर दोषी त्या २० मध्ये, अन्यथा उरलेल्यांत. पुन्हा १०, पुन्हा ५ असे करत गेल्यास सुमारे सहा खेपांत दोषी हाती लागतो; एकेक काढून पाहिल्यास ४० खेपाही पडू शकतात. काही मॉड दुसऱ्या मॉडवर अवलंबून असतात. अशी जोडी फोडू नये.

खेळाने ठेवलेली नोंद वाचावी

जावा आवृत्तीच्या लाँचरमध्ये ‘इन्स्टॉलेशन्स’ या भागात प्रत्येक नोंदीसमोर फोल्डरचे चिन्ह असते. ते दाबले की खेळाचे फोल्डर उघडते. त्यातील ‘क्रॅश-रिपोर्ट्‌स’ या फोल्डरमध्ये तारीख-वेळेसह अहवाल असतात. इंग्रजी मजकुराचा तो ढीग पाहून घाबरण्याचे कारण नाही. तीनच गोष्टी शोधाव्यात.

पहिली, वरच्या बाजूची ‘डिस्क्रिप्शन’ ही ओळ. तेथे ‘टिकिंग एंटिटी’ असे असेल, तर जगातील एखादा प्राणी किंवा वस्तू हाताळताना खेळ अडला आहे. संगणक निर्दोष असू शकतो. दुसरी, ‘कॉज्ड बाय’ने सुरू होणाऱ्या ओळी. त्या अनेक असल्या तर सर्वांत शेवटची सहसा मूळ कारणाच्या जवळ नेते, आणि तिच्या आसपास एखाद्या मॉडचे नाव दिसते. तिसरी, ‘आउट ऑफ मेमरी’ हा उल्लेख. तो असेल तर खेळाला दिलेली स्मृती अपुरी पडली आहे.

स्मृती वाढविण्याची सोय लाँचरमध्ये आहे. पण ‘जितकी जास्त तितकी चांगली’ हा समज चुकीचा आहे. ८ जीबी रॅमच्या संगणकावर ७ जीबी खेळाला दिल्यास विंडोज आणि ग्राफिक्स ड्रायव्हर यांनाच जागा उरत नाही आणि क्रॅश उलट वाढतात.

कधी असा अहवाल मिळतच नाही. त्याऐवजी मुख्य फोल्डरमध्ये ‘एचएस-एरर-पीआयडी’ अशा इंग्रजी अक्षरांनी सुरू होणारी फाइल दिसते. याचा अर्थ खेळाखालची जावा यंत्रणाच कोसळली. त्या फाइलमध्ये दोषी भागाचे नाव दिलेले असते. ते ‘एनव्हीओजीएल’ने सुरू होत असेल तर एनव्हिडियाचा, ‘एटीआयओ’ने असेल तर एएमडीचा आणि ‘आयजी’ने असेल तर बहुधा इंटेलचा ग्राफिक्स ड्रायव्हर संशयित असतो. त्या कंपनीच्या अधिकृत संकेतस्थळावरून नवा ड्रायव्हर घ्यावा. अन्य खेळांसाठी हीच माहिती विंडोजच्या ‘इव्हेंट व्ह्यूअर’मध्ये ‘फॉल्टिंग मॉड्यूल’ या नावापुढे मिळते.

मित्रांबरोबरच येणारे पाहुणे

‘एकटा खेळतो तेव्हा काहीच होत नाही’ या तक्रारीमागे एक साधे कारण पुष्कळदा दडलेले असते. मित्रांबरोबर खेळताना गप्पांसाठी डिस्कॉर्ड चालू असते, कोणी खेळाचे चित्रण करीत असतो, स्टीमची आमंत्रणे पडद्यावर उमटत असतात. खेळाच्या दृश्यावर आपली पट्टी रेखाटणारी ही ‘ओव्हरले’ सोय ग्राफिक्सच्या कामात मध्येच शिरते. एकट्याने खेळताना यांपैकी पुष्कळ गोष्टी बंदच असतात. म्हणून ओव्हरले तेवढा बंद करून पाहावा. बोलणे चालू ठेवता येते.

मोबाइलवर बेडरॉक खेळताना खिडकी नाहीशी होण्याचे नेहमीचे कारण म्हणजे अपुरी स्मृती. फोन स्वतःच खेळ बंद करतो. इतर अ‍ॅप बंद करणे, साठवणीची जागा मोकळी करणे आणि दृश्य-अंतर घटविणे हे उपाय तेथे करावेत.

दोष प्रोसेसरचा असेल तर?

अनेक खेळ, तेही वेगवेगळ्या संदेशांनिशी बंद पडत असतील, तर यंत्राकडे लक्ष द्यावे. इंटेलच्या १३व्या व १४व्या पिढीच्या काही डेस्कटॉप प्रोसेसरांचे प्रकरण या दृष्टीने बोलके आहे. पुरेशी ग्राफिक्स स्मृती असतानाही ती संपल्याचा संदेश देऊन खेळ बंद पडत, आणि खेळणारे बिचारे ग्राफिक्स कार्डाला दोष देत. जुलै २०२४ मध्ये इंटेलने प्रोसेसरला प्रमाणाबाहेर व्होल्टेज मिळत असल्याचे मान्य केले, ऑगस्टपासून सुधारित मायक्रोकोड दिला आणि या प्रोसेसरांची हमी दोन वर्षांनी वाढवली. ज्यांच्याकडे हे प्रोसेसर आहेत त्यांनी मदरबोर्डच्या कंपनीकडून बायॉस अद्ययावत करून घ्यावे. मात्र आधीच झिजलेला प्रोसेसर त्याने सुधारत नाही. तेथे हमीखाली बदलून घेणे हाच मार्ग.

उपाय अपायकारक ठरू नये

उतावीळपणे केलेल्या उपायांतून होणारे नुकसान कायमचे असते. जावा आवृत्तीतील जगे ‘सेव्ह्‌ज’ या फोल्डरमध्ये असतात. काहीही काढण्यापूर्वी ते फोल्डर दुसरीकडे उतरवून ठेवावे. मोबाइलवर तर अधिकच जपावे. खेळ काढून टाकला की त्यात साठवलेली जगेही सहसा त्याच्याबरोबर जातात.

‘हरवलेली डीएलएल फाइल’ देणाऱ्या अनोळखी संकेतस्थळांना दूर ठेवावे आणि त्यांच्या सांगण्यावरून अँटिव्हायरस मुळीच बंद करू नये. जून २०२३ मध्ये कर्सफोर्जसारख्या प्रसिद्ध भांडारातील काही मॉडमध्येही घातक प्रोग्राम घुसविल्याचे उघड झाले होते. मग अनोळखी दुव्याची काय कथा! जुनी आवृत्तीही धोक्याची असते. डिसेंबर २०२१ मध्ये ‘लॉग४जे’ या नोंदी ठेवणाऱ्या घटकातील दोषामुळे गप्पांच्या चौकटीत टाकलेल्या एका ओळीतून दुसऱ्याच्या संगणकावर हवा तो आदेश चालविणे शक्य झाले होते. माइनक्राफ्टची १.१८.१ ही आवृत्ती त्यावरील उपाय म्हणून तातडीने आणण्यात आली. मॉडसाठी जुनी आवृत्ती वापरणाऱ्यांनी तिच्यावरही ही दुरुस्ती झाली आहे ना, याची खात्री करावी आणि अनोळखी सर्व्हरवर जाणे टाळावे.

थोडक्यात क्रम

१. जगाची प्रत काढून ठेवावी.
२. जोडणी तुटली की क्रॅश झाला, ते ठरवावे.
३. दोन्हीकडची आवृत्ती आणि मॉड जुळवावेत.
४. रिकाम्या जगात प्रवेश करून पाहावा.
५. दृश्य-अंतर घटवावे, ओव्हरले व शेडर बंद करावेत.
६. अहवाल वाचून ड्रायव्हर, स्मृती किंवा विशिष्ट मॉड यांकडे वळावे.
७. खेळ काढून पुन्हा टाकणे हा उपाय सर्वांत शेवटी ठेवावा.

प्रत्येक वेळी एकच बदल करावा आणि तो कागदावर टिपून ठेवावा. चार बदल एकदम केल्यास खेळ सुरू झाला तरी कशामुळे, ते कळत नाही आणि पुढच्या खेपेस पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करावी लागते. जाणकाराची मदत घ्यायची झाल्यास ‘खेळ चालत नाही’ एवढेच न सांगता आवृत्ती, मॉडची यादी, क्रॅश अहवाल आणि वरील प्रयोगांचे निष्कर्ष सोबत द्यावेत. अशा टिपणाच्या आधारे उत्तर लवकर मिळते, आणि मित्रमंडळींची संध्याकाळही वाया जात नाही.