रेचल बीअर

रेचल बीअर (पूर्वाश्रमीच्या रेचल ससून, जन्म : मुंबई, ७ एप्रिल १८५८, मृत्यू : टनब्रिज वेल्स, इंग्लंड, २९ एप्रिल १९२७) या ब्रिटिश पत्रकार, संपादिका व वृत्तपत्राच्या मालक होत्या. मुंबईतील ख्यातनाम बगदादी ज्यू व्यापारी डेव्हिड ससून यांच्या त्या नात आणि ससून डेव्हिड ससून यांच्या कन्या होत. १८९१ मध्ये त्यांनी लंडनच्या 'द ऑब्झर्व्हर' या रविवारच्या वृत्तपत्राच्या संपादनाची सूत्रे हाती घेतली. १८९३ मध्ये त्यांनी 'द संडे टाइम्स' हे प्रतिस्पर्धी वृत्तपत्र विकत घेतले आणि त्याच्याही संपादिका झाल्या. ब्रिटनमधील राष्ट्रीय वृत्तपत्राचे संपादन करणारी पहिली स्त्री म्हणून त्यांची नोंद केली जाते. फ्रान्समधील गाजलेल्या ड्रेफस प्रकरणात खऱ्या अपराध्याची कबुली सप्टेंबर १८९८ मध्ये 'ऑब्झर्व्हर'ने प्रसिद्ध केली, ही त्यांच्या कारकिर्दीतील सर्वांत मोठी घटना होय. इंग्रजी युद्धकवी सीगफ्रीड ससून हे त्यांचे भाचे.

घराणे आणि भायखळा

रेचल यांचे आजोबा डेव्हिड ससून (१७९२–१८६४) हे मूळचे बगदादचे. तेथील शासक दाऊद पाशा याच्या जाचामुळे त्यांना शहर सोडावे लागले. इराणच्या आखातावरील बुशहर बंदरात काही काळ काढून १८३२ च्या सुमारास ते मुंबईस आले. येथे त्यांनी डेव्हिड ससून आणि कंपनी ही पेढी उभारली. कापूस, कापड व अफू यांच्या व्यापारातून या पेढीने अफाट संपत्ती मिळवली. मुंबई, चीनमधील बंदरे आणि इंग्लंड अशा तिन्ही टोकांना ससून यांनी आपले पुत्र नेमले होते. चीनकडे जाणाऱ्या अफूचा या ऐश्वर्यात मोठा वाटा होता. घराण्याच्या दानधर्माचा इतिहास सांगताना ही बाजूही नोंदवणे आवश्यक ठरते.

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास भायखळा हे गिरण्यांच्या भोंग्यांचे नव्हे, तर बागाबंगल्यांचे उपनगर होते. कोटातील गर्दीपासून दूर म्हणून धनिक व्यापारी आणि युरोपीय अधिकारी येथे राहत. डेव्हिड ससून यांचा 'साँ सूसी' हा प्रासादतुल्य बंगला याच भागात होता. ससून कुटुंबाभोवती बगदादी ज्यूंची वस्ती वाढली. तिच्यासाठी १८६० च्या दशकाच्या प्रारंभी भायखळ्यात मागेन डेव्हिड सिनेगॉग बांधण्यात आले. त्याच्या आवारात पुढे ससून घराण्याच्या देणग्यांतून शाळाही उभ्या राहिल्या. कोकणात शतकानुशतके राहून मराठी बोलणाऱ्या बेने इस्रायली समाजाहून हे बगदादी ज्यू वेगळे होते. त्यांची घरची भाषा अरबी होती. त्यांच्यासाठी १८५५ ते १८६६ या काळात मुंबईतून 'दोरेश तोव ले-अम्मो' हे हिब्रू लिपीतील अरबी वृत्तपत्र निघत असे. रेचल यांचा जन्म झाला तेव्हा ते चालू होते.

प्रारंभीचे जीवन

रेचल यांचे वडील ससून डेव्हिड ससून (१८३२–१८६७) आणि आई फ्लोरा (मूळ नाव फरहा, माहेरचे आडनाव रूबेन). पेढीचे लंडनमधील काम पाहण्यासाठी वडिलांना १८५८ मध्ये इंग्लंडला पाठवण्यात आले. ससून घराण्यातील इंग्लंडमध्ये स्थायिक झालेले ते पहिले. रेचल यांना तान्हेपणीच मुंबई सोडावी लागली. वडिलांनी टेम्स नदीकाठी वॉल्टन येथे 'ॲशली पार्क' ही जहागिरी घेतली व तेथे कुटुंब राहू लागले. १८६७ मध्ये वडिलांचे अकाली निधन झाले. त्या वेळी रेचल नऊ वर्षांच्या होत्या.

धाकटे बंधू आल्फ्रेड यांनी शिल्पकारांच्या थॉर्निक्रॉफ्ट घराण्यातील थेरेसा या ख्रिस्ती तरुणीशी विवाह केला. धर्माबाहेर लग्न केले म्हणून आईने त्यांच्याशी संबंध तोडले. या दांपत्याचा मुलगा म्हणजे सीगफ्रीड ससून (१८८६–१९६७). रेचल यांनी मात्र भावाच्या कुटुंबाशी नाते राखले. श्रीमंत घरातील अविवाहित मुलीने काम करावे अशी रीत नसताना त्यांनी काही काळ रुग्णालयात विनावेतन शुश्रूषेचे काम केले.

विवाह

१८८७ मध्ये, वयाच्या एकोणतिसाव्या वर्षी, रेचल यांनी फ्रेडरिक आर्थर बीअर यांच्याशी विवाह केला. फ्रेडरिक यांचे वडील ज्यूलियस बीअर हे फ्रँकफर्टहून लंडनला आलेले ज्यू वित्तव्यावसायिक होते. त्यांनी १८७० मध्ये 'ऑब्झर्व्हर' विकत घेतला होता. १८८० मध्ये त्यांच्या मृत्यूनंतर ते वृत्तपत्र फ्रेडरिक यांच्याकडे आले. फ्रेडरिक यांचे संगोपन ख्रिस्ती धर्मात झाले होते. विवाहापूर्वी रेचल यांनीही इंग्लंडच्या अँग्लिकन पंथाची दीक्षा घेतली. परिणामी भावाच्या वाट्याला आले तेच त्यांच्याही वाट्याला आले. ज्या घराण्याने मुंबई व पुण्यात प्रार्थनास्थळे बांधली, त्याच घराण्याने धर्मांतर केलेल्या मुलीशी संबंध तोडले. विवाहानंतर दांपत्य लंडनच्या मेफेअर भागात राहू लागले.

संपादकीय कारकीर्द

'द ऑब्झर्व्हर'

१७९१ मध्ये स्थापन झालेला 'ऑब्झर्व्हर' हे जगातील सर्वांत जुने रविवारचे वृत्तपत्र मानले जाते. रेचल यांनी प्रथम त्यात लेख लिहिण्यास प्रारंभ केला आणि १८९१ मध्ये एच. डी. ट्रेल यांच्यानंतर संपादनाची सूत्रे हाती घेतली. मालकाची पत्नी असल्यामुळेच हे पद त्यांना मिळाले, हे खरे. तथापि त्या काळात दुसऱ्या कोणत्याही मार्गाने ते एखाद्या स्त्रीला मिळणे जवळजवळ अशक्य होते. ब्रिटिश संसदेच्या वार्ताहर कक्षात स्त्रियांना प्रवेश नव्हता. राजकारणातील बातम्या ज्या क्लबांमधून फिरत, त्यांचे दरवाजेही त्यांना बंद होते. स्त्रियांना संसदेसाठी मतदानाचा अधिकार नव्हता. अशा परिस्थितीत एक स्त्री दर रविवारी सरकारच्या धोरणांवर अग्रलेख लिहीत होती.

'द संडे टाइम्स'

१८९३ मध्ये रेचल यांनी 'संडे टाइम्स' विकत घेतला. त्या वेळी या वृत्तपत्राचा दैनिक 'द टाइम्स'शी काहीही संबंध नव्हता. ही दोन वृत्तपत्रे एका मालकीखाली आली ती १९६६ मध्ये. योगायोग असा की, रेचल यांनी ते ज्यांच्याकडून घेतले त्याही एक स्त्रीच होत्या. ऑस्ट्रेलियातील सोन्याच्या खाणींमधून श्रीमंत झालेल्या ॲलिस कॉर्नवेल या १८८७ पासून त्याच्या मालक होत्या. विवाहित स्त्रीला स्वतःच्या नावे मालमत्ता बाळगण्याचा व तिचे व्यवहार करण्याचा पूर्ण अधिकार इंग्लंडमध्ये १८८२ च्या कायद्याने मिळाला होता. त्यापूर्वी असा व्यवहार पतीच्या नावावरच झाला असता.

या खरेदीनंतर रेचल दोन परस्परस्पर्धी वृत्तपत्रांच्या एकाच वेळी संपादिका झाल्या. 'ऑब्झर्व्हर' पतीच्या मालकीचा होता. 'संडे टाइम्स' त्यांचा स्वतःचा होता. दोन्ही रविवारीच निघत असल्याने आठवड्याच्या अखेरीस दोन्हींचे काम एकदमच येई.

ड्रेफस प्रकरण

डिसेंबर १८९४ मध्ये फ्रेंच सैन्यातील ज्यू अधिकारी कॅप्टन आल्फ्रेड ड्रेफस यांना जर्मनीसाठी हेरगिरी केल्याच्या आरोपावरून जन्मठेप झाली व त्यांना डेव्हिल्स आयलंड या बेटावर पाठवण्यात आले. या आरोपाचा मुख्य आधार 'बोर्दरो' या नावाने ओळखले जाणारे एक हस्तलिखित टिपण होते. ते प्रत्यक्षात मेजर फेर्दिनां एस्तेराझी याने लिहिल्याचे पुरावे पुढे आले. तरीही जानेवारी १८९८ मध्ये सैनिकी न्यायालयाने त्याला निर्दोष ठरवले. त्यानंतर १३ जानेवारी रोजी कादंबरीकार एमिल झोला यांनी फ्रेंच राष्ट्राध्यक्षांना उद्देशून आपले प्रसिद्ध जाहीर पत्र लिहिले. ऑगस्टच्या अखेरीस, ड्रेफस यांच्याविरुद्ध बनावट कागद तयार केल्याची कबुली देऊन कर्नल आँरी याने आत्महत्या केली. तेव्हा एस्तेराझी फ्रान्समधून पळाला आणि लंडनला येऊन लपला.

'ऑब्झर्व्हर'चे पॅरिसमधील वार्ताहर रोलंड स्ट्राँग यांचा एस्तेराझीशी परिचय होता. त्यांच्यामार्फत रेचल यांनी त्याच्याशी संपर्क साधला. 'बोर्दरो' आपणच वरिष्ठांच्या आज्ञेवरून लिहिले, असे एस्तेराझीने मान्य केले. १८ व २५ सप्टेंबर १८९८ च्या अंकांमध्ये 'ऑब्झर्व्हर'ने हा वृत्तांत प्रसिद्ध केला. सोबतच्या अग्रलेखात रेचल यांनी फ्रेंच सेनाधिकाऱ्यांच्या ज्यूद्वेषावर बोट ठेवले व ड्रेफस यांची फेरचौकशी व्हावी अशी मागणी केली.

१८९९ मध्ये रेन येथे ड्रेफस यांच्यावर पुन्हा खटला चालला. त्यात त्यांना पुन्हा दोषी ठरवण्यात आले, परंतु राष्ट्राध्यक्षांनी काही दिवसांतच त्यांना माफी दिली. पूर्ण निर्दोषत्व सिद्ध होण्यास १२ जुलै १९०६ हा दिवस उजाडावा लागला. या निकालाचे श्रेय कोणा एका वृत्तपत्राचे नाही. तथापि खऱ्या लेखकाची कबुली छापील स्वरूपात जगापुढे आणणाऱ्यांत 'ऑब्झर्व्हर'चे स्थान ठळक आहे. धर्मांतरामुळे स्वतःच्या ज्यू कुटुंबापासून तुटलेल्या संपादिकेने ज्यू असल्यामुळे भरडल्या गेलेल्या अधिकाऱ्याची बाजू घेतली, ही बाबही चरित्रकारांना महत्त्वाची वाटते.

आजारपण आणि अखेर

फ्रेडरिक बीअर दीर्घकाळ आजारी होते. रेचल त्यांची शुश्रूषा आणि वृत्तपत्रांचे काम एकाच वेळी सांभाळत होत्या. विसाव्या शतकाच्या अगदी प्रारंभी फ्रेडरिक यांचे निधन झाले. त्यानंतर रेचल यांचे मानसिक स्वास्थ्य ढासळले. त्या स्वतःचे व्यवहार पाहण्यास असमर्थ आहेत असे कायद्याने ठरवण्यात आले आणि त्यांच्या मालमत्तेचा कारभार विश्वस्तांकडे गेला. दोन्ही वृत्तपत्रे विकली गेली. त्यांपैकी 'ऑब्झर्व्हर' १९०५ मध्ये आल्फ्रेड हार्म्सवर्थ (नंतरचे लॉर्ड नॉर्थक्लिफ) यांनी घेतला.

पुढे त्यांची प्रकृती काहीशी सुधारली, परंतु लेखणी पुन्हा हाती आली नाही. उर्वरित आयुष्य त्यांनी केंट परगण्यातील टनब्रिज वेल्स येथे 'चॅन्सेलर हाउस' या घरी परिचारिकांच्या देखरेखीखाली काढले. संपादक म्हणून सुमारे एक तप काम केलेल्या या स्त्रीची त्यानंतरची दोन दशकांहून अधिक वर्षे अशी गेली. २९ एप्रिल १९२७ रोजी त्यांचे निधन झाले. पुरुषांच्या बरोबरीने मतदानाचा अधिकार ब्रिटिश स्त्रियांना मिळाला तो त्यानंतर एका वर्षाने, १९२८ मध्ये. बीअर घराण्याची भव्य समाधी लंडनच्या हायगेट दफनभूमीत आहे. रेचल यांचे दफन मात्र पतीजवळ न होता टनब्रिज वेल्स येथेच झाले.

मृत्युपत्राद्वारे त्यांनी भाचे सीगफ्रीड ससून यांना मोठी रक्कम ठेवली होती. या वारशामुळे सीगफ्रीड यांना विल्टशर परगण्यातील 'हेट्सबरी हाउस' विकत घेता आले व तेथे त्यांनी अखेरपर्यंत वास्तव्य केले. आत्याचे तैलचित्र त्यांनी या घरात लावले होते. बालपणाच्या आठवणींच्या आपल्या पुस्तकातही त्यांनी आत्याविषयी लिहिले आहे.

मूल्यमापन

रेचल बीअर यांची गणना असामान्य प्रतिभेच्या संपादकांत सहसा केली जात नाही. प्रसंगी दिसणारी चमक व व्यवहारी निर्णयक्षमता हे त्यांचे गुण सांगितले जातात. पत्रकारितेच्या इतिहासग्रंथांत त्यांना दीर्घकाळ अल्प स्थान मिळाले. पतीच्या पैशावर हौस भागवणारी श्रीमंत स्त्री आणि शेवटी वेडी ठरलेली विधवा, या दोन प्रतिमांखाली त्यांचे प्रत्यक्ष काम झाकले गेले. एलात नेगेव व येहुदा कोरेन यांनी लिहिलेल्या व २०११ मध्ये प्रसिद्ध झालेल्या चरित्रानंतर त्यांच्याकडे अभ्यासकांचे पुन्हा लक्ष गेले.

त्यांच्या कामाचे वेगळेपण नंतरच्या इतिहासावरून अधिक स्पष्ट होते. १९०३ मध्ये 'डेली मिरर'च्या मेरी हॉवर्थ यांचा अल्प काळ सोडल्यास, लंडनच्या राष्ट्रीय वृत्तपत्राच्या संपादकपदी पुन्हा स्त्री येण्यास १९८० चे दशक उजाडावे लागले. 'संडे टाइम्स'च्या संपादकपदी तर रेचल यांच्यानंतर थेट २०२० मध्ये एमा टकर यांच्या रूपाने स्त्री आली.

महाराष्ट्रात याच सुमारास तानूबाई बिर्जे यांनी पती वासुदेवराव बिर्जे यांच्या निधनानंतर सत्यशोधक चळवळीचे मुखपत्र 'दीनबंधू' १९१२ पर्यंत चालवले. दोघींची परिस्थिती अगदी भिन्न होती. एकीच्या मागे जागतिक व्यापाराची संपत्ती होती, तर दुसरीच्या मागे बहुजन समाजाच्या वर्गणीवर चालणारे पत्र. दोघींनाही संपादकाची खुर्ची मिळाली ती मात्र पतीच्या घरातूनच.

भायखळ्यातील खुणा

'साँ सूसी' बंगल्याच्या वास्तूत आज मसिना रुग्णालय आहे. डॉ. होरमसजी मसिना यांनी १९०२ मध्ये स्थापन केलेले हे रुग्णालय मुंबईतील जुन्या खासगी रुग्णालयांपैकी एक होय. मागेन डेव्हिड सिनेगॉग व त्याच्या आवारातील शाळा अद्याप उभ्या आहेत. ज्यू वस्ती घटल्यामुळे त्या शाळांतील बहुतेक विद्यार्थी आता अन्य धर्मीय आहेत. वीरमाता जिजाबाई भोसले उद्यानातील घड्याळाचा मनोरा डेव्हिड ससून यांच्या देणगीतून उभारलेला आहे.

हेसुद्धा पहा

डेव्हिड ससून
सीगफ्रीड ससून
ससून गोदी
मागेन डेव्हिड सिनेगॉग
ड्रेफस प्रकरण
तानूबाई बिर्जे