मांजर घराचे की माणसाचे?

परभणी : बदलीचा हुकूम आला, की घरातील सामान ट्रकमध्ये चढते. पलंग, कपाटे, भांड्यांची पोती, इतकेच काय, तुळशीची कुंडीही नव्या गावी जाते. मागे राहते ते बहुधा मांजर. ‘कुत्रे माणसाचे, मांजर घराचे’ असे म्हणून शेजाऱ्यांना वाटीभर दूध घालण्याची विनंती केली जाते आणि दार बंद होते. परभणीसारख्या जिल्ह्याच्या ठिकाणी, जेथे नोकरदार कुटुंबांची ये-जा सतत चालू असते, तेथे हे दृश्य अपरिचित नाही. मांजराला माणसाचा लळा लागत नाही, त्याला केवळ जागेचा मोह असतो, ही समजूत त्यामागे आहे. गेल्या चार दशकांतील संशोधनाने ही समजूत तपासून पाहिली असून तिचा निम्माच भाग खरा ठरला आहे.

समजूत रुजण्यास कारणेही तशीच होती. मराठवाड्यातील जुन्या माळवदाच्या घरांत भिंतीतील बळदात ज्वारी साठविली जाई. धान्य तेथे उंदीर आणि उंदीर तेथे मांजर, हा साधा हिशेब होता. एकाला एक लागून असलेल्या माळवदांवरून मांजरे अख्खी गल्ली फिरत; ती नेमकी कोणाची, हे सांगणे कठीण असे. मोंढ्यातील आडत दुकानांतही त्यांचा वावर त्याच कारणाने. मांजर मारणे हे महापाप, त्याच्या प्रायश्चित्तासाठी काशीला सोन्याचे मांजर वाहावे लागते, अशी श्रद्धा असल्याने त्याला कोणी मारीत नसे. मात्र नकोसे झाले की पोत्यात घालून नदीपलीकडे सोडण्यास कोणाची हरकत नसे. सोडलेले मांजर चार दिवसांनी अंगणात हजर झाले, की ‘पाहा, घर सोडत नाही’ हा निष्कर्ष पक्का होई. ते घराकडे परतले की घरातल्या माणसांकडे, हा प्रश्न मात्र कोणी विचारला नाही.

पशुवैद्यकानेही हा प्रश्न उशिराच हाती घेतला. परभणीत १९७२ पासून पशुवैद्यकीय महाविद्यालय आहे. मात्र लाल कंधारी व देवणी गोवंश, मराठवाडी म्हैस आणि उस्मानाबादी शेळी यांवर ज्या भागाची शेती उभी, तेथे मांजराच्या मनाचा विचार मागे राहणे स्वाभाविकच होते.

घरगुती मांजराचा पूर्वज असलेले रानमांजर मुळात एकटे राहणारे. पश्चिम आशियात शेती सुरू झाल्यावर धान्याच्या कोठारांभोवती ते माणसाजवळ आले. सायप्रस बेटावर सुमारे ९ हजार ५०० वर्षांपूर्वीच्या एका दफनात माणसाशेजारी मांजर पुरलेले आढळले. हा शोध २००४ मध्ये प्रसिद्ध झाला. त्या बेटावर मांजर मूळचे नव्हते, म्हणजे ते कोणी तरी नावेतून सोबत नेले असले पाहिजे. कुत्र्याचे पूर्वज कळपात राहणारे, म्होरक्याकडे पाहून वागणारे. मांजराला असा वारसा नाही. त्यामुळे त्याचा जिव्हाळा कुत्र्याच्या मापाने मोजला, की तो हमखास कमी भरतो.

दोन ते सात आठवडे

माणसाशी नाते जुळण्याचा पाया पिलाच्या जन्मानंतरच्या दुसऱ्या ते सातव्या आठवड्यात घातला जातो. अमेरिकेतील टेम्पल विद्यापीठात आयलीन कार्श यांनी १९८० च्या दशकात केलेल्या प्रयोगांतून हे स्पष्ट झाले. या काळात रोज ४० मिनिटे हाताळलेली पिले पुढे रोज १५ मिनिटे हाताळलेल्या पिलांपेक्षा माणसाजवळ लवकर येत व अधिक वेळ थांबत. ज्यांना अनेकांनी हाताळले, ती अनोळखी व्यक्तीलाही कमी बुजत.

आपल्याकडे मांजर पिलांना सात घरे दाखविते, असे म्हटले जाते. सात हा आकडा सोडला तरी निरीक्षण खोटे नाही. धोका वाटताच मांजरी पिलांना तोंडात धरून जागा बदलते. पण ही भटकंती माळ्यावर, अडगळीत, जिन्याखाली होत राहिली आणि त्या काळात पिलांना माणसाचा हातच लागला नाही, तर ती पुढे दूध पिऊन पळणारी मांजरे होतात. अशा मांजराला कृतघ्न म्हणण्यात अर्थ नाही. पिलू घरी आणायचे तर ते साधारण आठ आठवड्यांचे असावे, तोवर आईजवळ राहावे आणि तेथेच त्याला रोज कोणी तरी हाती घ्यावे, हे उत्तम.

दोन मिनिटांची परीक्षा

लहान मूल आईशी किती सुरक्षितपणे जोडलेले आहे, हे पाहण्याची एक पद्धत मानसशास्त्रात रूढ आहे. अमेरिकेच्या ओरेगॉन राज्य विद्यापीठातील क्रिस्टीन विटाले व त्यांच्या सहकाऱ्यांनी ती मांजरांना लावली. अनोळखी खोलीत मांजर दोन मिनिटे आपल्या माणसासोबत, दोन मिनिटे एकटे आणि पुन्हा दोन मिनिटे त्या माणसासोबत. माणूस परतल्यावर जे मांजर त्याला भेटून निर्धास्तपणे खोली धुंडाळू लागले, ते सुरक्षित नात्यातले. २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या अभ्यासात वर्गवारी करता आलेल्या पिलांपैकी सुमारे ६४ टक्के आणि मोठ्या मांजरांपैकी सुमारे ६६ टक्के या गटात आली. मानवी बालकांतील प्रमाणही जवळपास इतकेच असते.

सर्वच संशोधक याच्याशी सहमत नाहीत. ब्रिटनमधील लिंकन विद्यापीठात अ‍ॅलिस पॉटर व डॅनियल मिल्स यांनी २० मांजरांवर केलेल्या, २०१५ मधील अभ्यासात अनोळखी माणसाजवळ सोडून मालक निघून गेला, तेव्हा मांजरे अधिक ओरडली. परंतु सुरक्षिततेसाठी ती मालकावर विसंबून असल्याचा अन्य पुरावा मिळाला नाही. मांजर माणसावर प्रेम करीत नाही, असे त्यांचे म्हणणे नव्हते. ते स्वतंत्र वृत्तीचे आहे, इतकेच. दोन्ही अभ्यास एकत्र वाचले, तर मांजराला माणूस हवा असतो, पण त्याच्यावाचून त्याचे अडतेच असे नाही, इथवर येता येते. अनेक गृहस्थांना आपल्या नातेवाइकांविषयी हेच म्हणता येईल!

केवळ खाण्यासाठी मांजर जवळ येते, या आक्षेपालाही उत्तर आहे. विटाले यांच्याच २०१७ मधील अभ्यासात अन्न, खेळणे, वास आणि माणसाचा सहवास यांपैकी निवड करायची होती. ३८ पैकी १९ मांजरांनी माणूस निवडला. अन्न निवडणारी १४ होती. थंडीत पांघरुणात शिरणाऱ्या मांजराला माणूस हवा असतो की ऊब, हे मात्र अशा प्रयोगांतून ठरत नाही.

‘म्याऊ’ कोणासाठी?

मोठी मांजरे आपसांत क्वचितच ‘म्याऊ’ करतात. पिलाने आईला हाक मारण्याचा हा आवाज ती माणसासाठी राखून ठेवतात. ससेक्स विद्यापीठातील कॅरेन मॅकोम्ब यांनी २००९ मध्ये दाखवून दिले, की खाणे मागताना मांजर ज्या प्रकारे गुरगुरते, त्यात रडण्यासारखा उंच स्वर मिसळलेला असतो. ज्यांनी कधी मांजर पाळले नाही, त्यांनाही तो निकडीचा वाटला. जपानमध्ये अत्सुको साइतो यांच्या प्रयोगांत मांजरांनी मालकाचा आवाज (२०१३) व स्वतःचे नाव (२०१९) ओळखले. ओळखूनही ती जागची हलली नाहीत, हा भाग वेगळा.

शेपटी ताठ उभी करून येणे हे अभिवादन. पायाला अंग घासणे म्हणजे गालांवरील ग्रंथींचा वास आपल्याला लावणे. त्या वासाने मांजर ‘आपले’ ओळखते. डोळे अर्धवट मिटून सावकाश उघडणे हे विश्वासाचे लक्षण असून, माणसाने तसे केल्यास मांजर प्रतिसाद देते, असे २०२० मध्ये ससेक्सच्याच अभ्यासात आढळले. झुरिक येथील डेनिस टर्नर यांचे निरीक्षण तर प्रत्येक घरात लक्षात ठेवण्याजोगे आहे : भेटीची सुरुवात मांजराने केली, तर ती अधिक काळ टिकते. मुले मांजराला ओढून मांडीवर घेतात आणि ते निसटते, त्याचे कारण हेच. ओढाताणीत ओरखडा वा चावा बसलाच, तर जखम वाहत्या पाण्याखाली साबणाने १५ मिनिटे धुऊन दवाखाना गाठावा. रेबीज मांजरापासूनही होतो.

घर बदलताना

वासाच्या खुणांनी भरलेली जागा मांजराला प्रिय असते, हा जुन्या समजुतीतील खरा अर्धा भाग. म्हणूनच नव्या घरात ते बावरते, कपाटामागे दडते आणि दार उघडे मिळाल्यास जुन्या घराची वाट धरते. उपाय मात्र त्याला मागे ठेवणे हा नाही. त्याचे नेहमीचे अंथरूण न धुता सोबत न्यावे, पहिले काही दिवस एकाच खोलीत ठेवावे आणि घरातील एकाच व्यक्तीने खाणे द्यावे. मग एकेक खोली उघडावी. बाहेर सोडण्यास दोन-तीन आठवडे थांबावे. नेणे खरोखर अशक्य असेल, तर दूध घालणारा शेजारी पुरेसा नाही, सांभाळणारे घर शोधावे लागते. पाळलेला प्राणी उपाशी-तहानेला मरेल अशा स्थितीत वाऱ्यावर सोडणे हा प्राण्यांना क्रूरतेने वागविण्यास प्रतिबंध करणाऱ्या १९६० च्या कायद्यानुसार गुन्हा आहे आणि मांजर त्याला अपवाद नाही.