दाद मागणे आणि दाद लागणे : रायपूरच्या जमीन-अर्जांचा न्यायालयीन इतिहास

जमिनीविषयीचा अर्ज शासनाने नामंजूर केला, तर त्याविरुद्ध अपील करता येते. परंतु निर्णयच दिला नाही, तर अपील कशाविरुद्ध करावयाचे? रायपूरपुरते या प्रश्नाचे उत्तर नागपूर, जबलपूर आणि बिलासपूर या तीन शहरांच्या इतिहासात शोधावे लागते.

१८५४ मध्ये भोसल्यांचे राज्य खालसा झाले आणि रायपूर इंग्रजी अमलाखाली आले. महसुली प्रश्न मोठ्या प्रमाणावर दिवाणी न्यायालयांच्या कक्षेबाहेर राहिले. अधिकाऱ्यास कर्तव्य बजावण्यास भाग पाडणारा आदेश १८७७ च्या कायद्याने कलकत्ता, मद्रास व मुंबई येथील उच्च न्यायालयांना दिला. तोही त्या शहरांच्या हद्दीपुरता आणि खुद्द सरकारवर बंधनकारक न होणारा. १९३६ मध्ये स्थापन झालेल्या नागपूर उच्च न्यायालयाकडे तो अधिकार नव्हता.

१९५० मध्ये संविधानाच्या अनुच्छेद २२६ ने हे चित्र पालटले. पुढच्याच वर्षी मालगुजारी संपुष्टात आली आणि शेतकरी व शासन यांच्यामधला मध्यस्थ नाहीसा झाला. शासनाचे मौन आता थेट शेतकऱ्याच्या वाट्याला आले, आणि त्यावरचा उपायही त्याच सुमारास हाती आला. तो मागण्याचे ठिकाण मात्र बदलत गेले : १९५६ पर्यंत नागपूर, नंतर जबलपूर आणि २००० पासून बिलासपूर.

‘मॅन्डामस’ या लॅटिन शब्दाचा अर्थ ‘आम्ही आज्ञा करतो’. हे क्रियापद प्रथमपुरुषी आहे. त्यात बोलणारा राजा ऐकू येतो. हिंदीतील ‘परमादेश’ आणि मराठीतील ‘महादेश’ ही नामे आहेत. त्यांत आज्ञा उरली, आज्ञा करणारा लोपला. याचिकाकर्त्याच्या बाजूचा मराठी शब्द याहून जुना आहे. फारसीत न्याय असा अर्थ असलेली ‘दाद’ मराठीत मागितली जाते, लागते, आणि अधिकारी ‘दाद देत नाही’ असेही म्हटले जाते. एकाच शब्दात याचना, न्याय आणि उपेक्षा सामावली आहे.

ही भाषिक गुंतागुंत कायद्याच्या मर्यादेशी जुळते. विलंबाच्या प्रकरणी न्यायालय सामान्यतः ‘जमीन द्या’ असे म्हणत नाही. ‘ठरावीक मुदतीत निर्णय द्या’ असे म्हणते. तो निर्णय नकाराचाही असू शकतो. तरीही त्या नकाराला कारणे द्यावी लागतात आणि त्याविरुद्ध पुढे जाता येते. मौनाविरुद्ध तसे जाता येत नाही. २०११ च्या छत्तीसगढ लोकसेवा हमी अधिनियमाने अधिसूचित सेवांना मुदत घातली, ती याच जाणिवेतून. दाद मागणे आणि दाद लागणे यांतील अंतर त्याने मिटले नाही; ते मोजता मात्र येऊ लागले.