तळटीप : महामंडळाचा हुकूम

१२. महामंडळाचा हुकूम : मराठी साहित्य महामंडळाने घालून दिलेले शुद्धलेखनाचे नियम येथे अभिप्रेत आहेत. महाराष्ट्र साहित्य परिषद, विदर्भ साहित्य संघ, मुंबई मराठी साहित्य संघ व मराठवाडा साहित्य परिषद या संस्थांनी मिळून हे महामंडळ १९६१ साली स्थापन केले. त्याच्या चौदा नियमांना राज्य शासनाने १९६२ मध्ये मान्यता दिली, आणि १९७२ मध्ये आणखी चार नियमांची भर पडली. महामंडळापाशी स्वतःचा अंमल बजावण्याची सत्ता कधीच नव्हती. परंतु ज्या यवतमाळ जिल्ह्याने मध्यप्रांत-वऱ्हाड, मध्य प्रदेश, द्वैभाषिक मुंबई राज्य आणि अखेर महाराष्ट्र अशी राज्यांतरे पाहिली, तेथील शिक्षकास सरकारी मंजुरीने आलेला नियम हुकुमासारखाच वाटावा, हे स्वाभाविक होय. ‘नांव’, ‘कांहीं’, ‘केलें’ यांतील अनुच्चारित अनुस्वार या नियमांनी गेले. ‘मुलांना’सारख्या अनेकवचनी सामान्यरूपांतील मात्र राहिले. हा निर्णय लेखनास उपकारकच ठरला, असे आमचे मत आहे. तथापि लेखकाचा मजकूर नियमपूर्व पद्धतीने लिहिलेला असल्याने त्यातील अनुस्वार आम्ही जसेच्या तसे ठेवले आहेत. वाचकांनी ते मुद्रणदोष समजू नयेत.